‘आमची माणसे परत द्या’ : बर्लिनच्या बायका आणि आपली सोयरीक

३ जानेवारी २०१८ चा महाराष्ट्र बंद सगळ्यांना आठवतो. त्यानंतरचे दिवस मात्र फक्त आपल्या वस्त्यांना आठवतात. भीमा कोरेगावला मानवंदना द्यायला गेलेल्या आपल्या माणसांवर दगड पडले, त्याच्या निषेधाचा तो बंद होता. बंद संपला आणि धरपकड सुरू झाली. खानदेशातल्या एका पोलीस ठाण्यासमोर त्या आठवड्यात आम्ही दोन दिवस बसून होतो. आत आपली पोरे होती आणि बाहेर त्यांच्या आया, बायका, बहिणी. कांदा लागवडीचे दिवस होते, म्हणजे रोज बुडवून आलेल्या त्या मजूर बाया. फडक्यात बांधलेली भाकर घेऊन बसलेल्या. आत कोण कोण आहे, कुठली कलमे लावली आहेत, कोर्टात कधी नेणार, हे सांगायलाही कोणी बाहेर येत नव्हते. विचारले की एकच उत्तर, ‘‘बसा तिकडे.’’

दुसऱ्या दिवशी दुपारी एक मावशी आल्या. वरच्या मानल्या जाणाऱ्या जातीतल्या, घरची बागायत असलेल्या. त्यांच्या मुलीने आपल्या एका पोराशी लग्न केले होते आणि तेव्हापासून दोन वर्षे मायलेकींचे बोलणे बंद होते. मावशी लेकीशी एक शब्द बोलल्या नाहीत. सरळ पायऱ्या चढून दाराशी गेल्या आणि अहिराणीत म्हणाल्या, ‘‘मना जवाई मझार शे.’’ माझा जावई आत आहे. एवढेच. शिपायाने त्यांना ओळखले. खुर्ची आणून दिली. पाच मिनिटांत साहेब बाहेर आले. संध्याकाळपर्यंत सगळ्या पोरांची नावे वाचून दाखवली गेली, घरच्यांना दोन-दोन मिनिटे भेटू दिले, डबे आत गेले.

आम्हाला त्या संध्याकाळी आनंद झाला की संताप आला, हे आजही नीट सांगता येणार नाही. पण समाजशास्त्राच्या एम.ए.ला वाचलेले बर्लिनचे एक पान तेव्हा आठवले, आणि आपण ते चुकीचे वाचले होते हेही कळले.

ते पान असे. १९४३ चा फेब्रुवारी महिना. स्टालिनग्राडला जर्मन सैन्याने नुकतीच शरणागती पत्करली होती. हिटलरचा प्रचारमंत्री आणि बर्लिनचा पक्षप्रमुख गोबेल्स याने १८ फेब्रुवारीला ‘सर्वंकष युद्धा’ची आरोळी ठोकली होती. राजधानी ज्यूमुक्त करायची हा त्याचा हट्ट होता. २७ फेब्रुवारीला शनिवारी पहाटेपासून बर्लिनच्या कारखान्यांत सक्तीची मजुरी करणाऱ्या ज्यूंना कामावरूनच उचलायला सुरुवात झाली. अंगावर कोट घालायलाही वेळ दिला नाही. पकडलेल्या हजारो लोकांपैकी सुमारे २,००० जणांना वेगळे काढले आणि रोझेनश्ट्रास या रस्त्यावरच्या दोन-चार नंबरच्या इमारतीत कोंबले. रोझेनश्ट्रास म्हणजे गुलाबांची गल्ली. ती इमारत पूर्वी ज्यू समाजाच्याच कल्याण कचेरीची होती. वेगळे काढलेल्यांत बहुतेक असे पुरुष होते, ज्यांच्या बायका ज्यू नव्हत्या. नाझींच्या भाषेत त्या ‘आर्य’ होत्या.

नवरा कामावरून घरी आला नाही म्हणून या बायका शोधत निघाल्या आणि एकेक करून त्या गल्लीत पोचल्या. कोणी डबा आणला, कोणी दाढीचे सामान. एका बाईने ‘बटाट्याची रेशनकार्डे नवऱ्याच्या खिशात राहिली आहेत’ असे निमित्त करून कार्डे मागितली. ती बाहेर आली तेव्हा तिला कळले, नवरा आत आहे. आमच्या ठाण्यासमोरच्या बायांना हे निमित्त कोणी शिकवावे लागले नसते.

या बायका एकमेकींना ओळखत नव्हत्या. त्यांचा पक्ष नव्हता, संघटना नव्हती, नेता नव्हता. गर्दी वाढत गेली तशी कोणीतरी ओरडले, ‘‘आमचे नवरे परत द्या!’’ आणि मग सगळ्या ओरडू लागल्या. पहारेकऱ्यांनी हाकलले की आजूबाजूच्या बोळांत शिरायच्या आणि पुन्हा परत यायच्या. गोळ्या घालण्याची धमकी दिली गेली, हे तिथे उभ्या असलेल्या अनेकींनी नंतर सांगितले आहे. १ मार्चच्या रात्री ब्रिटिश विमानांनी बर्लिनवर बॉम्ब टाकले. सकाळी बायका पुन्हा हजर. असे जवळपास आठवडाभर चालले. ६ मार्चपासून आतल्या लोकांना सोडायला सुरुवात झाली. यातल्या २५ जणांना आधीच आउश्वित्झला पाठवले होते, त्यांनाही परत आणले गेले. आउश्वित्झहून माणूस परत आणला जाणे म्हणजे काय, हे वेगळे सांगायला नको.

ही गोष्ट आपल्या मोबाइलवर फिरते तेव्हा तिचे शीर्षक असते, ‘प्रेमाने हिटलरला हरवले’. आम्हीही ती अशीच वाचली होती. मग आपले काही मित्र लगेच निष्कर्ष काढतात की शांतपणे उभे राहा, हुकूमशहासुद्धा विरघळतो. मित्रहो, हा निष्कर्ष खोटा आहे. तो आपल्या बायांचा अपमानही आहे, कारण त्या पिढ्यानपिढ्या शांतपणेच उभ्या आहेत. १९६४-६५ च्या भूमिहीनांच्या सत्याग्रहात दादासाहेब गायकवाडांच्या हाकेला ओ देऊन कडेवर पोर घेऊन तुरुंगात गेलेल्या बाया शांतच होत्या. त्यांना पाहून कोणते सरकार विरघळले?

मग बर्लिनमध्ये काय वेगळे होते? त्याच धरपकडीत पकडलेल्या सुमारे ७,००० ज्यूंना त्याच दिवसांत आउश्वित्झला पाठवले गेले. त्यांच्यावर प्रेम करणारे कोणी नव्हते का? होते. पण ते प्रेम करणारेही ज्यूच होते. ते गाडीत त्यांच्या शेजारीच बसले होते, किंवा त्यांच्या आधीच्या गाडीने गेले होते. त्यांच्यासाठी रस्त्यावर उभे राहायला रेषेच्या पलीकडचे कोणी नव्हते. गुलाबांच्या गल्लीतल्या बायका मात्र त्या रेषेच्या पलीकडच्या होत्या. राज्य ज्यांना ‘आपल्या’ म्हणत होते, ज्यांचे भाऊ सैन्यात होते, अशा त्या बायका. त्यांच्यावर गोळी झाडली तर ती ‘आर्य’ घरात जाऊन लागणार होती. गोबेल्सच्या त्या दिवसांतल्या डायरीत नोंद आहे की लोक गोळा होऊन ज्यूंची बाजू घेऊ लागले आहेत, अशा नाजूक वेळी ही कारवाई पुढे ढकललेली बरी. हृदयपरिवर्तन वगैरे काही नाही, हा सरळ हिशेब आहे.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगितली पाहिजे. या घटनेवर इतिहासकारांत मोठा वाद आहे. नाथन स्टोल्ट्झफस यांच्या मते बायकांच्या निदर्शनांमुळेच सुटका झाली. वोल्फ ग्रुनर यांच्या मते या गटाला त्या वेळी छावणीत पाठवायचा बेतच नव्हता, त्यांची नोंदणी करून काहींना ज्यू संस्थांच्या कामावर लावायचे होते. आम्ही या वादात निवाडा देणार नाही. पण आमच्या मुद्द्याला दोन्ही बाजू सारख्याच उपयोगी आहेत. समजा ग्रुनर यांचे खरे. मग या लोकांना वेगळे का काढले? त्यांना तोवर का वगळले होते? कारण त्यांची लग्ने. ‘आर्य’ नातेवाईक बिथरतील ही धास्ती राज्याला होती. म्हणजे निदर्शने झाली नसती तरी त्या माणसाच्या आणि मरणगाडीच्या मध्ये उभी होती ती सोयरीकच.

आणि ही सोयरीक टिकवणे सोपे नव्हते. १५ सप्टेंबर १९३५ च्या न्यूरेंबर्ग कायद्यांनी ज्यू आणि ‘आर्य’ यांची नवी लग्ने गुन्हा ठरवली. जुनी लग्ने मोडण्यासाठी दबाव सुरू झाला. नोकरी गेली, घर गेले, शेजाऱ्यांनी बोलणे टाकले, माहेरच्यांनी दार लावून घेतले, गेस्टापोने बोलावून विचारले, ‘अजून घटस्फोट का घेत नाहीस?’ घटस्फोट घेतला की बाईची सुटका, आणि नवऱ्याची रवानगी. तरी बहुसंख्य बायकांनी तो घेतला नाही. गुलाबांच्या गल्लीतला एक आठवडा आपल्याला दिसतो. त्याआधीची दहा वर्षे त्या बायका घराघरात लढत होत्या, ते दिसत नाही. युद्ध संपले तेव्हा जर्मनीत न लपता जिवंत उरलेले जवळजवळ सगळे ज्यू अशाच लग्नांतले होते.

आता बाबासाहेबांकडे या. १९१६ साली, वयाच्या पंचविसाव्या वर्षी, कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधात त्यांनी जातीचा गाभा नेमका दाखवला. जात टिकते ती जातीतल्या जातीत लग्न लावून. सती, सक्तीचे वैधव्य, बालविवाह या सगळ्या प्रथा त्या एका कुंपणाची राखण करण्यासाठी आल्या, आणि ते कुंपण बाईच्या शरीरावर उभे केले गेले. वीस वर्षांनी, १९३६ मध्ये, लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने रद्द केलेल्या भाषणात त्यांनी उपाय सांगितला. सहभोजनाने भागत नाही. रक्ताची सरमिसळ होऊन समोरचा माणूस आपल्या नात्यातला वाटेपर्यंत परकेपणा जाणार नाही. म्हणून खरा उपाय आंतरजातीय विवाह.

आपण हे वाचतो, परीक्षेत लिहितो, भाषणात सांगतो, आणि सुधारणेचे एक कलम म्हणून सोडून देतो. बर्लिनने आम्हाला शिकवले की ते जीवनमरणाचे कलम आहे. आपल्यासाठी उद्या कोण रस्त्यावर येईल, हे आज कोण कोणाच्या घरात जेवायला-राहायला आहे त्यावर ठरते. जिथे नाते नाही, तिथे राज्याला काही मोजावे लागत नाही.

हे समजायला बर्लिनपर्यंत जायचीही गरज नाही. आपल्या साक्री तालुक्यात राईनपाडा आहे. १ जुलै २०१८, रविवार. सोलापूरकडून भिक्षा मागत फिरणारी नाथपंथी डवरी गोसावी समाजाची पाच माणसे तिथल्या बाजारात आली होती. मुले पळवणाऱ्या टोळीची अफवा मोबाइलवरून पसरलेली. जमावाने त्यांना मारायला सुरुवात केली, ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडले आणि तिथेच ठेचून मारले. पाचही जण. आम्ही यात त्या गावाला वा आदिवासी समाजाला गुन्हेगार म्हणत नाही. अफवा कुठल्याही गावात हेच करू शकते आणि त्या महिन्यांत देशभर तिने हेच केले. आम्हाला वेगळाच प्रश्न छळतो. एवढ्या मोठ्या बाजारात त्या पाचांकडे बोट दाखवून ‘हा माझ्या ओळखीचा आहे’ म्हणणारे एकही माणूस नव्हते. नाते तर सोडाच, ओळखही नाही. भटक्या जमातींना गावाबाहेर ठेवण्याची जी व्यवस्था आहे, तिचा अर्थ शेवटी हा निघतो. त्यांच्या बायका शेकडो किलोमीटर दूर पालावर होत्या. ‘आमची माणसे परत द्या’ म्हणायलाही त्यांना वेळ मिळाला नाही.

आणि जिथे नाव आहे, घराणे आहे, तिथे? डॉ. आनंद तेलतुंबडे हे बाबासाहेबांचे नातजावई. १४ एप्रिल २०२०, भीमजयंतीच्या दिवशी त्यांना एनआयएपुढे हजर व्हावे लागले. २६ नोव्हेंबर २०२२, संविधान दिनी ते जामिनावर बाहेर आले. मधली अडीच वर्षे रमाताईंनी, म्हणजे बाबासाहेबांच्या सख्ख्या नातीने, तुरुंगाच्या आणि कोर्टाच्या खेपा घातल्या. भीमा कोरेगाव खटल्यातल्या बाकीच्या बंद्यांच्या बायका, मुली, बहिणी याच रांगेत होत्या. आपण किती जण त्यांच्या सोबत उभे राहिलो, हे आपले आपण आठवावे. लॉकडाऊनचे कारण सगळ्या अडीच वर्षांना पुरत नाही. २५ नोव्हेंबर १९४९ ला संविधान सभेत बाबासाहेबांनी बजावले होते की राजकारणातली भक्ती हुकूमशाहीकडे नेते आणि बंधुता नसेल तर स्वातंत्र्य-समता टिकत नाहीत. ही दोन वाक्ये आपण वेगवेगळी वाचतो. ती एकच आहेत. हुकूमशाही तिथेच माजते, जिथे एकाचा माणूस उचलला की दुसऱ्याला काही वाटत नाही.

आता आरसा आपल्याकडे वळवू. बौद्ध वधू-वर मेळाव्याचे फॉर्म आम्ही स्वतः भरून घेतले आहेत. वरती बुद्ध-बाबासाहेबांचा फोटो, खाली बावीस प्रतिज्ञांचा उल्लेख, आणि आई-बाप हळूच कानात विचारतात, ‘‘पण पूर्वीचे कोण?’’ महारातला बौद्धच हवा. मातंगातून धम्मात आलेला नको, चर्मकार नको, भिल्ल तर नकोच. आपल्या पोराने वरच्या जातीची मुलगी आणली की वस्तीत फटाके वाजतात. आपल्या मुलीने भिल्ल पोराशी लग्न केले की तीच वस्ती तोंड फिरवते. मग मनूच्या कुंपणात आणि आपल्या कुंपणात फरक काय? १४ ऑक्टोबर १९५६ ला दीक्षाभूमीवर कुंपण ओलांडले, आणि पुढच्या पिढीत लग्नाच्या मांडवाभोवती ते परत घातले. आपण त्यांना सोयरे केले नाही, तर त्यांच्या पोरासाठी आपण आणि आपल्या पोरासाठी ते ठाण्यासमोर का येतील?

यावर आपले कार्यकर्ते एक आक्षेप घेतात आणि तो हलका नाही. ते म्हणतात, ‘‘पोरे मरतात हो. सोनई विसरलात? खर्डा विसरलात?’’ विसरलो नाही. २०१३ ला सोनईत तीन तरुण मारले गेले. २०१४ ला खर्ड्यात एका शाळकरी पोराला मारून झाडाला लटकवले आणि खटल्यात सगळे आरोपी सुटले. नोव्हेंबर २०२५ मध्ये नांदेडला आपल्या समाजातल्या तरुणाच्या खुनाचा आरोप त्याच्या प्रेयसीच्या बापावर आणि भावांवर आला. त्या मुलीने त्याच्या मृतदेहाशी लग्नाचे विधी केले आणि आपण आता याच घरात राहणार असे सांगितले. कुंपण ओलांडणाऱ्याला मारतात, कारण कुंपणाच्या मालकाला बाबासाहेबांचा निबंध न वाचताच समजलेला असतो. त्याला माहीत असते की हे एक लग्न म्हणजे उद्या ठाण्याच्या पायरीवर चढणारी एक सासू. म्हणून अशा जोडप्यांना एकटे सोडायचे नसते. पण आपण काय करतो? जोडपे पळून येते, दोन दिवस लपवतो, नोंदणी झाली की फेसबुकवर अभिनंदन करतो आणि मोकळे होतो. विशेष विवाह कायद्याची तीस दिवसांची नोटीस त्यांच्या जिवावर टांगलेली असते, त्या तीस दिवसांत घर, भाडे, रोजगार, वकील यांची सोय कोणती संघटना करते? सरकार एका हाताने आंतरजातीय जोडप्याला ५०,००० रुपये देते. त्याच राज्यात डिसेंबर २०२२ मध्ये अशा लग्नांची माहिती गोळा करायला समिती नेमली गेली. विरोध झाल्यावर त्यातून आंतरजातीय शब्द काढला, आंतरधर्मीय मात्र ठेवला. राज्याला कोणते कुंपण राखायचे आहे, ते यातून दिसते. देशात आजही आंतरजातीय लग्ने जेमतेम ५ टक्के आहेत.

दुसरा आक्षेप आमचा स्वतःचाच आहे. लग्न हे चळवळीचे हत्यार नाही, आणि कोणतीही मुलगी आंदोलनाचे साहित्य नाही. ‘त्यांच्या पोरी आणा’ असे जे बोलतात, ते बाईला पुन्हा कुंपणच समजतात. बर्लिनच्या बायकांनी कोणाच्या सांगण्यावरून लग्ने केली नव्हती, स्वतःच्या मर्जीने केली होती. म्हणून तर त्या दहा वर्षे टिकल्या. आपले काम एवढेच, की मर्जीच्या आड येणारा बाप, भाऊ, पंच आपण होऊ नये आणि दुसरा कोणी होत असेल तर मध्ये पडावे.

आणि शेवटी ते ७,००० लोक. ज्यांना पलीकडची सोयरीक नव्हती, ते मेले. न्याय सोयरिकीवर अवलंबून राहिला तर तो न्याय नव्हे, वशिला आहे. त्या दिवशी मावशींना मिळालेली खुर्ची हा वशिलाच होता. दोन दिवस जमिनीवर बसलेल्या बायांचा हक्क तिला मिळाला, तोही जातीच्या जोरावर. म्हणून बाबासाहेब रक्ताच्या नात्यावर थांबले नाहीत, बुद्धाच्या मैत्रीपर्यंत गेले. ज्याच्याशी रक्ताचे, लग्नाचे, जातीचे काही नाही, त्यालाही आपला मानणे म्हणजे मैत्री. लग्नाला पिढ्या लागतात, मैत्रीला आजचा दिवस पुरतो.

तेव्हा पुढच्या वेळी पिंपळनेरच्या, साक्रीच्या, धुळ्याच्या कुठल्याही ठाण्यासमोर एखादी भिल्ल बाई, पारधी बाई, मुसलमान बाई डबा घेऊन बसलेली दिसली, तर ‘आपला माणूस आहे का आत?’ असे विचारू नका. तिच्या शेजारी बसा. आत कोण आहे असे कोणी विचारले, तर त्या मावशींसारखे सांगा, आमचा माणूस आहे. फक्त आपल्याला कोणी खुर्ची आणून दिली, तर ती त्या बाईला द्या.

जय भीम.